शितावरून भाताची परीक्षा : प्रशांतचंद्र महालनोबिस

शितावरून भाताची परीक्षा, असे आपण सहज बोलून जातो. स्वयंपाकघरात ते खरेच आहे. पातेल्यातले एक शीत काढून बोटाने चेपले की सगळा भात शिजला की नाही ते कळते. पण भारत हे काही एकच पातेले नव्हे. इथे एका कडेला भात करपलेला असतो, मध्ये तो कच्चा असतो आणि कित्येक घरी चुलीवर पातेलेच चढलेले नसते. अशा देशात कोणते शीत उचलावे, किती उचलावीत आणि उचलणाऱ्या हातावर कितपत विश्वास ठेवावा, या प्रश्नांपायी ज्यांनी आपले उभे आयुष्य वेचले ते प्रशांतचंद्र महालनोबिस.

आपल्या द्वितीय वर्षाच्या अर्थशास्त्रात हे नाव दुसऱ्या पंचवार्षिक योजनेच्या प्रकरणात एकदा येते आणि पाच गुणांची टीप होऊन संपते. वर्गात ते प्रथम ऐकले तेव्हा बाकावरच्या अनेकांना ते परदेशी वाटले. वास्तविक ते आपल्याला परके नाही. महाल म्हणजे महसुली मुलूख आणि नवीस म्हणजे लिहिणारा. आपले फडणीस, चिटणीस, पारसनीस ज्या कुळातले, त्याच कुळातला हा बंगाली महालनोबिस. महालाचा हिशेब लिहिणाऱ्या घराण्याचे आडनाव लावणाऱ्या या माणसाने पुढे महसुली दप्तरांतल्या आकड्यांवरच संशय घेतला, ही मला त्यांच्या चरित्रातली मोठी गमतीची गोष्ट वाटते.

त्यांचा जन्म २९ जून १८९३ रोजी कलकत्त्यात झाला. घराणे ब्राह्मो समाजाचे. आजोबा गुरुचरण पूर्व बंगालमधल्या विक्रमपूरहून कलकत्त्यास आले होते. वडील प्रबोधचंद्र यांचे खेळाच्या सामानाचे दुकान होते. प्रेसिडेन्सी कॉलेजात प्रशांतचंद्र पदार्थविज्ञान शिकले. जगदीशचंद्र बसू आणि प्रफुल्लचंद्र राय यांच्यासारखे गुरू तिथे होते. १९१३ साली ते इंग्लंडला गेले ते लंडन विद्यापीठात नाव घालण्यासाठी. सहज म्हणून केंब्रिज पाहायला गेले, परतीची गाडी चुकली, मुक्काम पडला, किंग्ज कॉलेजचे प्रार्थनामंदिर पाहून मन भारावले आणि ते तिथेच शिकायला राहिले. त्याच सुमारास रामानुजनही केंब्रिजला आले होते. दोघांची मैत्री जमली. थंडीने कुडकुडणाऱ्या रामानुजनना पलंगावरची पांघरुणे उलगडून आत कसे शिरायचे हे दाखवणारे महालनोबिसच. ब्लँकेटे गादीखाली घट्ट खोवलेली असतात हे रामानुजनना माहीतच नव्हते, आणि ते बिचारे वरतीच झोपत होते. घरातली पहिलीच मुलगी म्हणून कॉलेजात आल्यावर आणि वसतिगृहात राहू लागल्यावर मला ही हकीकत फार जवळची वाटली. जगातला एवढा मोठा गणिती, पण पांघरूण कसे घ्यायचे हे त्यालाही कुणीतरी दाखवावे लागले.

१९१५ साली परीक्षेत पहिला वर्ग मिळवून ते थोड्या दिवसांसाठी घरी निघाले. निघण्यापूर्वी एका शिक्षकाने त्यांना संख्याशास्त्राच्या बायोमेट्रिका या नियतकालिकाचे अंक दाखवले. महालनोबिसांनी सगळा संचच विकत घेतला आणि बोटीवर तो वाचत आले. युद्धामुळे परत जाणे लांबले, प्रेसिडेन्सी कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवण्याची नोकरी मिळाली आणि इंग्लंडला परतण्याचा बेत कायमचा मागे पडला. पुढे कलकत्ता विद्यापीठाच्या परीक्षांचे निकाल तपासण्याचे काम ब्रजेंद्रनाथ सील यांनी त्यांच्याकडे दिले. संख्याशास्त्राचा त्यांचा श्रीगणेशा परीक्षेच्या गुणांपासून झाला, हे प्राध्यापकमंडळींनी जरूर लक्षात घ्यावे! १९२० मध्ये नागपूरला भारतीय विज्ञान परिषद भरली. तिथे प्राणिसर्वेक्षण विभागाचे प्रमुख अनंडेल यांनी त्यांना कलकत्त्यातील अँग्लो-इंडियन लोकांची शरीरमापे अभ्यासायला दिली. दोन मानवसमूह एकमेकांपासून किती दूर आहेत हे मोजण्याची जी रीत आज जगभर महालनोबिस अंतर म्हणून शिकवली जाते, तिचे मूळ त्या मापांत आहे.

पण मला अधिक मोलाचे वाटते ते पुराचे काम. १९२२ मध्ये उत्तर बंगालमध्ये मोठा पूर आला. पाणी अडवून धरणारे प्रचंड जलाशय बांधावेत, असा तज्ज्ञांचा विचार होता. महालनोबिसांनी सुमारे पन्नास वर्षांच्या पावसाचे आणि पुरांचे आकडे मांडून दाखवले की या जलाशयांचा काही उपयोग नाही. पाण्याचा निचरा लवकर व्हावा एवढेच पाहायला हवे. १९२६ मध्ये ओरिसात ब्राह्मणी नदीला पूर आला. नदीचे पात्र गाळाने वर आले आहे, तेव्हा बंधारे उंच करा, असे अभियंते म्हणत होते. यांनी साठ वर्षांच्या नोंदी तपासल्या आणि पात्र वर आलेलेच नाही असे सांगितले. डोळ्यांना जे दिसते, मोठ्या हुद्द्याच्या माणसाला जे वाटते आणि नोंदी जे सांगतात, त्यांत केवढे अंतर पडू शकते हे त्यांना इथे कळून चुकले असावे.

प्रेसिडेन्सी कॉलेजातल्या एका खोलीत त्यांनी संख्याशास्त्राची प्रयोगशाळा थाटली आणि डिसेंबर १९३१ मध्ये तिच्यातूनच भारतीय संख्याशास्त्र संस्था उभी राहिली. पहिल्या वर्षाचा खर्च अडीचशे रुपयांच्या आत होता. हाताने फिरवायची गणनयंत्रे आणि थोडी हुशार पोरे, एवढेच भांडवल. १९३३ मध्ये संस्थेचे नियतकालिक निघाले. त्याला त्यांनी सांख्य हे नाव दिले, कारण या शब्दात संख्याही आहे आणि यथार्थ ज्ञानही आहे. रवींद्रनाथ ठाकुरांशी त्यांचा घरोबा होता. दहा वर्षे ते विश्वभारतीचे सचिव होते. त्यांचे लग्नही थोडे वादळी झाले. ब्राह्मो समाजाच्या काही नियमांना त्यांचा विरोध होता, त्यामुळे निर्मलकुमारी ऊर्फ राणी यांच्या वडिलांना हा जावई पसंत नव्हता. १९२३ साली लग्न झाले ते त्यांच्या गैरहजेरीत.

आता मूळ मुद्द्याकडे येते. देशात किती पीक आले हे सरकारला कसे कळत असे? गावकामगार नजरेने अंदाज करी : यंदा पीक बारा आणे, यंदा आठ आणे. आपल्याकडे या आणेवारीची पुढे पैसेवारी झाली. पन्नास पैशांच्या वर की खाली, यावर दुष्काळ जाहीर होणार की नाही ते अनेक वर्षे ठरत असे. आमचे दोन एकर कोरडवाहू रान आहे. ज्या वर्षी आमची तूर फुलोऱ्यातच वाळली, त्या वर्षीही गावाची पैसेवारी पन्नासच्या वर लागली. पीकपाहणी करणारे बांधावर आल्याचे वडिलांना आठवत नाही. तेव्हा, कागदावरचा आकडा खरा कशावरून, हा प्रश्न मला पुस्तकी वाटत नाही.

महालनोबिसांनी तो १९३७ पासून बंगालमधल्या तागाच्या पिकाच्या निमित्ताने हाती घेतला. सगळी शेते मोजायची नाहीत. नकाशावर लहान लहान चौकोन चिठ्ठ्या टाकाव्यात तसे निवडायचे आणि तेवढीच शेते मोजायची. त्यांनी घाई मात्र केली नाही. आधी लहान पाहण्या करून चौकोन केवढा हवा, किती हवेत, एका माणसाचे चालण्यात किती तास जातात आणि मोजण्यात किती, या सगळ्याचा हिशेब मांडला. चाळीसच्या दशकातल्या एका हंगामात तागाचे उत्पन्न शेतन् शेत मोजून ६३ लाख गासड्या निघाले. त्यासाठी ३३ हजार माणसे आणि ८२ लाख रुपये लागले. नमुना पाहणीने ७५ लाख ४० हजार गासड्या हा आकडा दिला. माणसे सुमारे ६०० आणि खर्च ८ लाख. नंतर व्यापाराच्या नोंदींवरून खरा आकडा कळला तो होता ७५ लाख ६२ हजार. सगळे मोजल्याने चूक कमी होते, ही आपली समजूत यात पार कोसळते. ३३ हजार माणसांवर देखरेख कोण ठेवणार? थोडीच माणसे, पण नीट शिकवलेली, म्हणूनच उपयोगी पडली.

यापुढची त्यांची युक्ती मला सर्वांत आवडते. एकाच भागात त्यांनी दोन वेगवेगळे नमुने निवडून दोन वेगळ्या तुकड्या पाठवल्या. दोघींची उत्तरे जवळपास आली तर ठीक. फार लांब गेली तर कुठेतरी पाणी मुरते आहे हे लगेच उघड होते. आकड्याबरोबर त्याची चूकही जाहीर करायची, लपवायची नाही. सरकारी कागदाला ही सवय नव्हती.

त्यांच्या पद्धतीला विरोधही झाला, आणि तो करणारे आपले साताऱ्याकडचे पां. वा. सुखात्मे होते. महालनोबिस शेतात लहान वर्तुळ आखून पीक कापत. सुखात्म्यांचे म्हणणे असे की इतक्या लहान तुकड्यात कडेवरची रोपे आत ओढली जातात आणि उतारा फुगतो. तुकडा मोठा हवा. शिवाय हे काम वेगळी माणसे नेमून न करता महसूल खात्याकडूनच करून घ्यावे, असे त्यांना वाटे. वाद कडवट झाला. तुकड्याच्या आकाराबाबत मला सुखात्म्यांचे पटते, पण बांधावर कोणी जायचे याबाबत मी महालनोबिसांच्या बाजूची आहे. याचे कारण वर आलेच आहे.

१९४३ च्या बंगालच्या दुष्काळानंतर त्यांच्या संस्थेने गावोगावच्या कुटुंबांची पाहणी केली. कोणी जमीन विकली, कोणाचे बैल गेले, कोण भिकेला लागले, हे घरोघर विचारले. सर्वांत जास्त फटका भूमिहीन मजूर, मच्छीमार आणि कारागीर यांना बसला होता. आणखी एक गोष्ट उघड झाली. ही घसरण दुष्काळाच्या आधीच सुरू झालेली होती. दुष्काळाने तिला वेग दिला.

स्वातंत्र्यानंतर १९४९ मध्ये राष्ट्रीय उत्पन्न समिती नेमली गेली. अध्यक्ष महालनोबिस, सदस्य आपले धनंजयराव गाडगीळ आणि व्ही. के. आर. व्ही. राव. १९४८-४९ साली भारतीय माणसाचे सरासरी वार्षिक उत्पन्न २५५ रुपये असल्याचे समितीने पहिल्या अहवालात सांगितले. पण खेडी काय खातात, काय नेसतात, याची माहितीच नव्हती. म्हणून १९५० मध्ये राष्ट्रीय नमुना पाहणी सुरू झाली. पहिल्या फेरीत देशातल्या साडेपाच लाखांहून अधिक खेड्यांतून १८३३ खेडी निवडली. त्यांतल्या काहींचे काम पुण्याच्या गोखले संस्थेने पाहिले. शेर, पायली, मण ही मापे दर मुलखात वेगळी, भाषा वेगळ्या, कित्येक ठिकाणी रस्ता नाही. अशा स्थितीत अन्वेषक पायी हिंडले. घरी काय खाल्ले हे मागच्या आठवड्याचे विचारावे की महिन्याचे, हाही प्रश्नच होता. आठवड्याचे विचारले की आकडा मोठा येई. मग बंगालच्या खेड्यांत घरोघरचे धान्य रोज तोलून पाहिले, आणि महिन्याचे उत्तर तोललेल्या धान्याच्या जवळ आले. चुलीपाशी तराजू घेऊन बसणारे शास्त्र मी तोवर ऐकले नव्हते. पुढे १९७१ मध्ये वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी भारतातील दारिद्र्य मोजले ते याच पाहणीच्या आकड्यांवर.

दुसऱ्या योजनेबद्दल मात्र माझे मन त्यांच्याशी भांडते. १९५५ मध्ये त्यांनी मांडलेल्या आराखड्यात भर होता पोलाद आणि यंत्रे तयार करणाऱ्या कारखान्यांवर. नित्याच्या वस्तू घरगुती धंदे पुरवतील असा हिशेब होता. मुंबईचे वकील आणि ब्रह्मानंद या अर्थशास्त्रज्ञांनी मजुराच्या रोजच्या गरजेचे उत्पादन आधी वाढवा, असे सांगितले होते. ते मागे पडले. साठच्या दशकाच्या मध्याला देश अमेरिकन गव्हावर जगत होता, आणि १९७२ च्या दुष्काळात आमच्या आजीने रेशनवरच्या लाल मिलोच्या भाकरी थापल्या. ती त्या भाकरीचे नाव आजही तोंड वाकडे करून घेते. सगळा दोष एका माणसाचा नव्हे, हे मी जाणते. तरी ज्यांनी चुलीपाशी तराजू नेला, त्यांच्या योजनेत चूल मागे राहिली, हे मला खटकतेच. स्वभावाने ते हेकेखोर होते आणि संस्थेत त्यांचाच शब्द अखेरचा असे. पण याच संस्थेत सी. आर. राव यांच्यासारखे विद्वान घडले आणि १९५६ च्या सुमारास देशातल्या पहिल्या संगणकांपैकी एक तिथे येऊन बसला, हेही खरे.

अखेरच्या वर्षांत नमुना पाहणीचे काम संस्थेकडून सरकारकडे गेले. २०१७-१८ मध्ये झालेल्या कुटुंबखर्चाच्या पाहणीचे आकडे सदोष ठरवून सरकारने ते प्रसिद्धच केले नाहीत. पुढची पाहणी झाली ती २०२२-२३ मध्ये. २०२१ ची शिरगणती त्या वर्षी झाली नाही. २०११ च्या मोजणीत मी अंगणवाडीतली पोर म्हणून नोंदले गेले असेन. आकडे सदोष असतील तर किती सदोष, हे दाखवण्याची रीत तर महालनोबिसांनी घालून दिली होती. मग ते झाकून का ठेवावेत, हे मला कळत नाही. जाणत्या प्राध्यापकांनी यावर एखादे व्याख्यान द्यावे.

२८ जून १९७२ रोजी कलकत्त्यात त्यांचे निधन झाले. दुसऱ्या दिवशी त्यांना एकोणऐंशी वर्षे पूर्ण व्हायची होती. २००७ पासून २९ जून हा राष्ट्रीय सांख्यिकी दिन म्हणून पाळला जातो.