ध्वनिक्षेपकामागील ऑर्वेल

जॉर्ज ऑर्वेल यांच्या जीवनातील बीबीसीचा काळ (ऑगस्ट १९४१ ते नोव्हेंबर १९४३) चरित्रग्रंथांत पुष्कळदा वाया गेलेली दोन वर्षे म्हणून उरकला जातो. राजीनामा देताना त्यांनी स्वतःही तसाच निर्वाळा दिला होता. तथापि हा निर्वाळा तपासून पाहणे आवश्यक आहे.

मोतीहारी येथे १९०३ मध्ये अफू खात्यातील अधिकाऱ्याच्या घरी जन्मलेले एरिक ब्लेअर (हेच त्यांचे मूळ नाव) ब्रह्मदेशातील पोलीस सेवेतून १९२७ मध्ये परतले ते साम्राज्याचे विरोधक होऊनच. प्रकृतीच्या कारणाने सैन्याने नाकारलेला हाच लेखक पुढे साम्राज्याच्या नभोवाणीवरून हिंदुस्थानला उद्देशून युद्धवार्तेचे साप्ताहिक भाष्य लिहू लागला. नाझींचा विजय हे अधिक मोठे अरिष्ट, ही त्यांची भूमिका होती. ती प्रामाणिक होती, पण सोयीची मुळीच नव्हती.

इव्हशॅम येथील श्रवणकेंद्रात शत्रूची प्रक्षेपणे टिपली जात. त्यांचे गोषवारे ऑर्वेल यांच्या मेजावर येत. म्हणजे रेडिओ हे एकाच वेळी हेरगिरीचे साधन आणि प्रचाराचे शस्त्र होते. १९४२ च्या आरंभापासून जर्मनीतून आझाद हिंद रेडिओ बोलू लागला आणि फेब्रुवारीअखेर सुभाषचंद्र बोस यांचा आवाज बर्लिनहून उघडपणे ऐकू येऊ लागला. त्यालाच उत्तर द्यावयाचे होते. प्रत्येक संहितेला धोरण आणि सुरक्षितता अशा दुहेरी तपासणीतून जावे लागे. काही वार्तापत्रे मराठी, गुजराती, बंगाली व तमिळ भाषांतरांसाठी लिहिली जात. या विभागात वेणू चितळे त्यांच्या सहकारी होत्या, हा धागा मराठी अभ्यासकांनी अधिक शोधावयास हवा.

खरी कसोटी ऑगस्ट १९४२ मध्ये लागली. काँग्रेस नेत्यांच्या अटकेनंतरची अशांतता क्षुल्लक ठरविणारी सूचना वरून आली. ऑर्वेल यांनी दैनंदिनीत तीव्र उद्वेग नोंदविला. नोकरी मात्र सोडली नाही. नोव्हेंबरपासून तर ही भाष्ये त्यांच्या प्रसिद्ध नावाने जाऊ लागली. हिंदुस्थानात श्रोते जवळजवळ नाहीतच, असे लॉरेन्स ब्रँडर यांच्या पाहणीतून दिसून आल्यावर हा सौदाही निरर्थक ठरला.

बीबीसी सोडताच त्यांनी ‘ॲनिमल फार्म’ हाती घेतली. ‘नाइन्टीन एटी-फोर’ (१९४९) मधील सत्यमंत्रालय म्हणजे बीबीसीच, हे समीकरण मात्र फारच ढोबळ आहे. खोटे रचणाऱ्यांचा राग त्या कादंबरीत आहेच. पण विन्स्टन स्वतःच नोंदी बदलणारा कर्मचारी आहे, आणि आपल्या कामात त्याला कौशल्याचा आनंदही मिळतो. हे बारकावे बाहेरून न्याहाळणाऱ्याला सुचणे कठीण होते.