काँग्रेसचा पाया घालणाऱ्या ह्यूम यांनी वर्षानुवर्षं पक्ष्यांच्या नोंदी लिहिल्या, नोकराने त्या रद्दीत विकल्या

सकाळी फिरायला गेलात, वडाच्या झाडावर तांबट टुकटुक करताना दिसला. तुम्ही खिशातून मोबाईल काढला, ई-बर्ड उघडलं, पक्ष्याचं नाव निवडलं, संख्या एक टाकली आणि सबमिट केलं. तारीख, वेळ आणि ठिकाण ॲपने आपोआप घेतलं. उद्या फोन पाण्यात पडला तरी तुमचा तांबट सुरक्षित आहे, कारण नोंद सर्व्हरवर गेलेली असते.

आता कल्पना करा. हेच काम कुणीतरी टाक आणि शाई घेऊन वर्षानुवर्षं केलंय. शेकडो जातींच्या पक्ष्यांची माहिती कागदावर उतरवलीय. आणि एक दिवस कळतं की घरातल्याच नोकराने ते सगळे कागद बाजारात रद्दी म्हणून विकून टाकलेत.

हे ज्यांच्याबाबतीत घडलं त्यांचं नाव तुम्ही शाळेत पाठ केलेलं आहे. राष्ट्रीय सभेची स्थापना कोणी केली? उत्तर, ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम. एका मार्काच्या त्या उत्तरात त्यांचं अर्धं आयुष्य मात्र येतच नाही.

इटाव्याचे कलेक्टर

ह्यूम यांचा जन्म १८२९ चा. वडील जोसेफ ह्यूम ब्रिटिश संसदेत सुधारणावादी खासदार म्हणून गाजलेले. ॲलन १८४९ मध्ये भारतात आले आणि बंगाल सनदी सेवेत रुजू झाले. आजच्या उत्तर प्रदेशातल्या इटावा जिल्ह्यात त्यांनी मोफत शाळा काढल्या. दारूच्या करातून सरकारने तिजोरी भरावी, हे त्यांना पटत नव्हतं आणि तसं ते वरिष्ठांना कळवतही होते.

पक्ष्यांचा नाद तेव्हापासूनचा. त्या काळी पक्षी टिपता येतील असे कॅमेरे नव्हते, दुर्बिणी साध्या होत्या. पक्ष्याचा अभ्यास करायचा म्हणजे तो मारायचा, कातडं भरून ठेवायचं आणि त्याला माहितीची चिठ्ठी बांधायची. आज हे ऐकायला बरं वाटत नाही, पण तेव्हा जगभर हीच पद्धत होती.

१८५७ चा उठाव झाला. ह्यूम यांना इटावा सोडून आग्र्याच्या किल्ल्यात आश्रय घ्यावा लागला. या धामधुमीत त्यांचा पहिला संग्रह नष्ट झाला. त्यांनी पुन्हा शून्यापासून सुरुवात केली.

मिठाच्या कुंपणावरचे पक्षी

१८६७ मध्ये ह्यूम अंतर्गत जकात खात्याचे आयुक्त झाले. मिठाची चोरटी वाहतूक रोखण्यासाठी इंग्रजांनी देशाच्या मधोमध शेकडो कोस लांबीचं काटेरी कुंपण उभं केलं होतं. ही जकातीची हद्द सांभाळण्यासाठी ह्यूम यांना सतत फिरावं लागायचं. काम मिठाचं आणि नजर झाडावर, असा प्रकार. जिथे मुक्काम पडेल तिथले पक्षी, त्यांची घरटी आणि अंडी वहीत उतरत गेली.

पुढे ते सरकारच्या महसूल, शेती आणि व्यापार खात्याचे सचिव झाले. सिंधू नदीचं खोरं, अंदमान-निकोबार, लक्षद्वीप, जिथे जिथे जाता आलं तिथे ते गेले. पण एवढा मोठा देश एकट्याने बघणं शक्य नाही, हे त्यांच्या लक्षात आलं होतं. इथे त्यांनी जे केलं ते आजच्या ॲपच्या फार जवळ जाणारं होतं.

१८७२ चं ई-बर्ड

१८७२ मध्ये ह्यूम यांनी ‘स्ट्रे फेदर्स’ नावाचं नियतकालिक सुरू केलं. देशभर विखुरलेले कलेक्टर, लष्करी अधिकारी, डॉक्टर, रेल्वेचे इंजिनिअर असे जे जे पक्षी बघत होते, त्या सगळ्यांना त्यांनी नोंदी पाठवायला लावल्या. कोणत्या जिल्ह्यात कोणता पक्षी, कोणत्या महिन्यात, घरटं कधी बांधतो, ही माहिती एका जागी जमायला लागली.

महाराष्ट्रही यात होता. जेम्स डेव्हिडसन आणि वेंडन यांनी दख्खनच्या पक्ष्यांची यादी इथे छापली. १८८० मध्ये जी. डब्ल्यू. विडाल या अधिकाऱ्याची दक्षिण कोकणच्या पक्ष्यांची यादी आली. रत्नागिरीच्या बाजूला दीडशे वर्षांपूर्वी कोणते पक्षी दिसत होते, हे बघायला आजचे अभ्यासक याच यादीकडे जातात.

नोंद कशी करायची, याची छोटी मार्गदर्शिकाही ह्यूम यांनी १८७४ मध्ये काढली. मेलेल्या पक्ष्याच्या डोळ्यांचा आणि पायांचा रंग लवकर बदलतो, त्यामुळे तो तिथल्या तिथे लिहायचा. ठिकाण आणि तारीख नसेल तर नमुन्याला काही अर्थ उरत नाही. आज ॲप तुम्हाला ठिकाण आणि तारखेशिवाय पुढे जाऊ देत नाही, त्यामागचं कारण हेच.

शिमल्यातला बंगला

शिमल्यात जाखू टेकडीवर ह्यूम यांचा ‘रॉथनी कॅसल’ नावाचा मोठा बंगला होता. तिथेच त्यांनी पक्ष्यांचं संग्रहालय उभारलं. आशियाई पक्ष्यांचा एवढा मोठा संग्रह तेव्हा क्वचितच कुठे असेल.

नोकरीत मात्र फटका बसला. सरकारी धोरणांवर ते उघड टीका करायचे. १८७९ मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड लिटन यांच्या काळात त्यांना सचिवपदावरून काढून खालच्या पदावर अलाहाबादला पाठवण्यात आलं. १८८१ मध्ये ते मणिपूरला गेले. तिथे मिळालेल्या एका नव्या तितरवर्गीय पक्ष्याला त्यांनी पत्नीचं नाव दिलं. मिसेस ह्यूम्स फेझंट, म्हणजेच आजचा मणिपूर आणि मिझोरामचा राज्यपक्षी. १८८२ मध्ये ते निवृत्त झाले.

आता एकच मोठं काम बाकी होतं. भारतातल्या सगळ्या पक्ष्यांवर एक समग्र ग्रंथ.

आणि मग रद्दी

एका हिवाळ्यात ह्यूम शिमल्याबाहेर होते. त्यांच्या गैरहजेरीत एका नोकराने संग्रहालयात शिरून हस्तलिखितांचे गठ्ठेच्या गठ्ठे पळवले आणि रद्दीच्या भावात विकले. वजन करायचं तर काही क्विंटल भरेल इतका कागद. त्यात सुमारे ७०० जातींच्या पक्ष्यांची कमी-अधिक पूर्ण झालेली माहिती होती.

चोरी झाल्याचं कळलं तेसुद्धा कित्येक महिन्यांनी. तोवर कागद कुठल्या कुठे गेले होते. फार थोडे परत मिळाले.

यातली एक बारीक गोष्ट मात्र लक्षात ठेवण्यासारखी आहे. चोराने नेले ते मोठे, पूर्ण आकाराचे कागद, कारण रद्दीत त्यांनाच किंमत. छोट्या चिठ्ठ्यांवर केलेल्या फुटकळ नोंदींना त्याने हात लावला नाही. त्या मागे राहिल्या.

ह्यूम यांचा उत्साह इथे संपला. भरीत भर म्हणून शिमल्याच्या पावसात दरड कोसळून संग्रहालयाचंही नुकसान झालं. शेवटी त्यांनी सगळा संग्रह लंडनच्या ब्रिटिश म्युझियमला देऊन टाकला. १८८५ मध्ये तिथले रिचर्ड बाऊडलर शार्प शिमल्यात येऊन तो बांधून घेऊन गेले. सुमारे ६३ हजार पक्षी आणि साडेअठरा हजार अंडी.

त्याच वर्षी २८ डिसेंबरला मुंबईत गोवालिया टँकजवळच्या गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत ७२ प्रतिनिधी जमले आणि काँग्रेसचं पहिलं अधिवेशन भरलं. ते खरं तर पुण्यात व्हायचं होतं, पण तिथे कॉलरा पसरल्याने जागा बदलावी लागली. देशभरच्या पक्षीनिरीक्षकांना पत्रं लिहून एकत्र आणणाऱ्या माणसाने आता देशभरच्या पुढाऱ्यांना एकत्र आणलं होतं.

थिऑसॉफीच्या प्रभावाने ते शाकाहारी झाले होते आणि पक्षी मारणंही त्यांनी सोडलं होतं. १८९४ मध्ये ते इंग्लंडला परतले, वनस्पतींच्या अभ्यासाला लागले आणि १९१० मध्ये लंडनला वनस्पतीशास्त्राची संस्थाही काढली. १९१२ मध्ये त्यांचं निधन झालं. पक्ष्यांवरचा तो समग्र ग्रंथ त्यांच्या हातून कधीच झाला नाही.

चिठ्ठ्यांनी काय केलं?

रद्दीतून वाचलेल्या नोंदी ह्यूम यांनी यूजीन ओट्स यांच्याकडे सोपवल्या. त्यातून भारतीय पक्ष्यांच्या घरट्यांवरच्या आणि अंड्यांवरच्या त्यांच्या पुस्तकाची नवी आवृत्ती तयार झाली.

दुसरी गोष्ट आपल्या नंदुरबारची. १८७३ मध्ये ह्यूम यांनी रानपिंगळा या छोट्या घुबडाचं पहिल्यांदा शास्त्रीय वर्णन केलं. पुढे जेम्स डेव्हिडसन यांना तो खानदेशात शहाद्याच्या परिसरात मिळाला. १८८४ नंतर मात्र या पक्ष्याचा एकही खरा पुरावा नव्हता. मध्ये रिचर्ड मायनर्टझहेगन या इंग्रज अधिकाऱ्याने १९१४ मध्ये गुजरातेत तो मिळवल्याचं सांगितलं. पुढे उघड झालं की त्याने म्युझियममधला जुना नमुनाच चोरून त्याला खोटी चिठ्ठी लावली होती.

अमेरिकन पक्षीशास्त्रज्ञ पामेला रासमुसेन यांनी ती खोटी नोंद बाजूला ठेवली आणि फक्त जुन्या, खऱ्या नोंदींची ठिकाणं धरून शोध सुरू केला. नोव्हेंबर १९९७ मध्ये शहाद्याजवळच्या जंगलात त्यांना आणि त्यांच्या सहकाऱ्यांना रानपिंगळा दिसला. ११३ वर्षांनी. त्यानंतर तो मेळघाटात आणि तानसाच्या जंगलातही सापडला. खोट्या ठिकाणाच्या मागे लागले असते, तर हा शोध गुजरातेतच अडकला असता.

आज हेच काम मोबाईलवर होतं. ‘स्टेट ऑफ इंडियाज बर्ड्स’ या २०२३ च्या अहवालात ९४२ जातींचा आढावा आहे, आणि त्याचा आधार म्हणजे सुमारे ३० हजार पक्षीनिरीक्षकांनी ई-बर्डवर टाकलेल्या नोंदी. यातले बहुतेक जण शास्त्रज्ञ नाहीत. कुणी शिक्षक, कुणी विद्यार्थी, कुणी निवृत्त झालेले.

तेव्हा ॲप वापरताना तीन गोष्टी पाळा. ओळख पटली नसेल तर अंदाजाने नाव टाकू नका. ठिकाण बरोबर निवडा, घरी येऊन घराचं लोकेशन देऊ नका. आणि चिमणी, कावळा, साळुंकी दिसली तर तीही टाका. कोकणच्या जुन्या यादीत रोजचे पक्षी लिहिलेले आहेत, म्हणूनच आज त्या यादीशी तुलना करता येते.

जुन्या वहीत तारीख आणि ठिकाणासह लिहिलेल्या तुमच्या नोंदी असतील, तर त्याही ई-बर्डवर मागची तारीख देऊन टाकता येतात. वही रद्दीत जायच्या आधी तेवढं करून टाका.