स्टीव्हन्सन एक्स्प्रेसवेचे स्टीव्हन्सन

शिकागोत राहणाऱ्या आपल्या मंडळींना स्टीव्हन्सन म्हटलं की आधी ट्रॅफिक आठवतो. आय-५५चा शहराकडचा भाग म्हणजे स्टीव्हन्सन एक्स्प्रेसवे. बोलिंगब्रुकहून डाउनटाउनच्या ऑफिसला जाताना मी सात वर्षं त्यावर अडकतोय, पण हे नाव कुणाचं हा प्रश्न मला कधी पडला नाही. तो पडला आईला. उन्हाळ्यात आली होती, आणि गाडीत बसलं की पाट्या वाचायची तिला सवय. मी आपलं ठोकून दिलं, असेल कुणी जुना गव्हर्नर.

ते बरोबर निघालं. ॲडले स्टीव्हन्सन १९४९ ते १९५३ इलिनॉयचे गव्हर्नर होते. पण लायब्ररीतून त्यांचं चरित्र आणून वाचलं, तेव्हा कळलं की त्यांचा आपल्याशीही एक हिशेब आहे.

जन्म १९००चा, बालपण इथल्याच ब्लूमिंग्टन गावात. आजोबा देशाचे उपाध्यक्ष होऊन गेलेले. बारा वर्षांचे असताना घरात बंदूक हाताळताना चुकून गोळी सुटली आणि एक मुलगी जागीच गेली. त्याविषयी ते आयुष्यभर क्वचितच बोलले. पुढे वकील झाले. १९४५ला सॅन फ्रान्सिस्कोत संयुक्त राष्ट्रांची सनद तयार होत होती तेव्हा ते अमेरिकन शिष्टमंडळाबरोबर होते, नंतर लंडनला पूर्वतयारीच्या कामात. म्हणजे ही संस्था त्यांनी पायाभरणीपासून पाहिलेली. १९५२ आणि १९५६ला राष्ट्राध्यक्षपदासाठी उभे राहिले, दोन्ही वेळा आयसेनहॉवर यांच्याकडून हरले. बुटाच्या तळाला पडलेलं भोक दाखवणारा त्यांचा प्रचारातला फोटो इतका गाजला की काढणाऱ्याला पुलित्झर मिळालं.

केनेडी निवडून आले तेव्हा त्यांना परराष्ट्रमंत्री व्हायचं होतं. मिळालं संयुक्त राष्ट्रांतलं राजदूतपद, मंत्रिमंडळाच्या दर्जासह. पद रुबाबाचं, पण अवघड. नेहमीचा राजदूत एका सरकारशी बोलतो, बरंचसं बंद दाराआड. इथे जगासमोर उभं राहायचं, आणि काय बोलायचं, मत कुठे टाकायचं हे वॉशिंग्टनहून येणार. क्लायंटच्या कॉलवर वरून आलेलं उत्तर आपण आपल्या तोंडाने देतो, तसंच. फक्त इथे चुकलं तर रिलीज पुढे ढकलून भागत नाही.

पहिल्या चार महिन्यांतच ते अनुभवाला आलं. १५ एप्रिल १९६१ला क्यूबाच्या विमानतळांवर बॉम्ब पडले. क्यूबाचे परराष्ट्रमंत्री राउल रोआ यांनी अमेरिकेकडे बोट दाखवलं. स्टीव्हन्सन यांनी फ्लोरिडात उतरलेल्या एका विमानाचा फोटो सभेत दाखवला. शेपटीवर क्यूबाच्या हवाई दलाची खूण होती, म्हणजे हल्ला कॅस्ट्रोंच्याच फुटलेल्या वैमानिकांनी केला, असं त्यांनी सांगितलं. त्यांना तसंच कळवलेलं होतं. प्रत्यक्षात विमान सीआयएने पाठवलेलं आणि खूण रंगवलेली. क्यूबाच्या बी-२६ विमानांचं नाक पारदर्शक असे, फोटोतल्याचं धातूचं होतं. खोटं फार टिकलं नाही. दोन दिवसांनी बे ऑफ पिग्सची स्वारी झाली आणि फसली. या मोहिमेची स्टीव्हन्सन यांना मोघम कल्पना दिली होती, विमानाचं खरं मात्र कुणी सांगितलं नव्हतं. ते संतापले, राजीनाम्याचा विचार केला, पण दिला नाही. माझं मत विचाराल तर द्यायला हवा होता.

त्याच वर्षी १८ डिसेंबरला भारतीय सैन्य गोव्यात शिरलं आणि पोर्तुगालच्या तक्रारीवरून सुरक्षा परिषद बसली. भारताचे सी. एस. झा यांचं म्हणणं, हा वसाहतवादाचा प्रश्न आहे, आक्रमणाचा नव्हे. स्टीव्हन्सन यांनी भारताला कडक शब्दांत सुनावलं. असं बळ वापरू दिलं तर ही संस्थाही लीग ऑफ नेशन्ससारखी मरेल, असा त्यांचा सूर होता. युद्ध थांबवा आणि सैन्य मागे घ्या, असा ठराव आला. बाजूने सात, विरोधात चार. अकरा जणांच्या परिषदेत सात मतं पुरली असती, पण सोव्हिएत प्रतिनिधी झोरिन यांच्या विरोधी मतात नकाराधिकार होता. ठराव पडला. दुसऱ्या दिवशी पोर्तुगीज शरण आले.

हे आईला सांगितलं तेव्हा ती गप्पच झाली. तिचं माहेर बांद्याचं, गोव्याच्या हद्दीला लागून. १५ ऑगस्ट १९५५ला पत्रादेवीला सत्याग्रहींवर झालेल्या गोळीबाराच्या गोष्टी आजोबांकडून ऐकत ती मोठी झाली. मग तिने एवढंच विचारलं, क्यूबाचं ते विमान याच्या आधीचं ना? आठ महिने आधीचं, मी म्हटलं.

मला वाटतं, गोव्याबद्दल ते मनापासून बोलले. क्यूबाच्या वेळी दुसऱ्याचं खोटं वाचलं, इथे स्वतःचं खरं मांडलं. पण चौदा वर्षं पोर्तुगाल गोवा सोडण्याचं नावही काढत नव्हता, त्याचं वजन त्या तराजूत पडलं नाही.

ज्यासाठी ते आज ओळखले जातात तो दिवस २५ ऑक्टोबर १९६२. क्यूबात सोव्हिएत क्षेपणास्त्रं. समोर तेच झोरिन, त्या महिन्यात परिषदेचे अध्यक्षही तेच. स्टीव्हन्सन यांनी टीव्हीच्या कॅमेऱ्यांसमोर त्यांच्याकडे हो की नाही एवढंच उत्तर मागितलं. झोरिन यांनी टाळलं. मग स्टँडवर फोटो लागले. परत फोटोच! दीड वर्षापूर्वीचा तो दुसरा फोटो सभागृहात कितीजणांना आठवला असेल! पण हे खरे होते, आणि जगाला पटले.

त्याच्या काही दिवस आधी, केनेडींच्या बैठकीत, तुर्कस्तानातली आपली क्षेपणास्त्रं काढून देवाणघेवाण करावी, असं त्यांनी सुचवलं होतं. त्यावर ते एकटे पडले, डिसेंबरात एका साप्ताहिकात त्यांना भित्रं ठरवणारा लेखही आला. केनेडींनी मात्र रशियनांना गुपचूप तोच शब्द दिला होता, आणि १९६३च्या वसंतात ती क्षेपणास्त्रं निघाली. हे जाहीर व्हायला बरीच वर्षं गेली. स्टीव्हन्सन तेव्हा हयात नव्हते.

शेवटी व्हिएतनाम. सरचिटणीस ऊ थांट यांनी उत्तर व्हिएतनामशी रंगूनला बोलणी घडवायचा प्रयत्न केला. निरोप स्टीव्हन्सन यांच्यामार्फत वॉशिंग्टनला गेला, तिथून होकार आलाच नाही. त्यांनी सरकारची बाजू मांडणं सुरूच ठेवलं. १४ जुलै १९६५ला लंडनच्या रस्त्यावर चालता चालता ते कोसळले. वय ६५. त्याच वर्षी या रस्त्याला त्यांचं नाव दिलं.

आई परत गेली. परवा तिचा फोन आला तेव्हा मी गाडीतच होतो, म्हटलं ट्रॅफिकमध्ये अडकलोय. तिने लगेच विचारलं, त्या गोव्यावाल्याच्या रस्त्यावर का?