दुखणं नेमकं कुठं आहे? शरीरशास्त्रज्ञ मोर्गान्यी यांची ओळख

छाती आणि पोट यांच्यामध्ये घुमटासारखा स्नायूंचा एक पडदा असतो. मराठी पुस्तकात त्याला श्वासपटल म्हणतात, उर्दूत हिजाबे हाजिज. श्वास घेताना तो खाली जातो, सोडताना वर येतो. या पडद्याला तीन मोठ्या वाटा आहेत. छातीमागच्या ८ व्या मणक्यापाशी खालच्या अंगाचं रक्त हृदयाकडे नेणारी महाशीर, १० व्यापाशी अन्ननलिका आणि १२ व्यापाशी महाधमनी. ८, १०, १२ हे आम्ही शिकवतो तेव्हा मुलांच्या लगेच लक्षात राहतं. पुढच्या बाजूला, छातीच्या मधल्या हाडामागे, दोन बारीक फटीही असतात. त्या फटींना जोव्हान्नी बात्तिस्ता मोर्गान्यी यांचं नाव आहे.

मोर्गान्यी यांचा जन्म १६८२ चा, इटलीतल्या फोर्ली गावचा. वडील लहानपणीच वारले. सोळाव्या वर्षी ते बोलोन्याला शिकायला गेले आणि १७०१ मध्ये वैद्यकाची पदवी घेतली. तिथे व्हाल्साल्वा हे त्यांचे उस्ताद. पुढे ते पादुआ विद्यापीठात गेले आणि १७१५ पासून शरीररचना शिकवू लागले. तिथे जवळजवळ साठ वर्षं त्यांनी शिकवलं.

त्या काळी आजार म्हणजे शरीरातल्या चार रसांचा बिघाड, असं मानत. खून, बलगम, सफरा, सौदा हे शब्द आपण हकिमांकडून ऐकलेलेच आहेत. मोर्गान्यी यांनी वेगळा सवाल केला: बिघाड कुठल्या अवयवात आहे? ते रोग्याचं वय, कामधंदा, सवयी, तक्रार सगळं टिपून ठेवत. रोगी दगावला तर शवविच्छेदन करून आत काय झालंय ते पाहत आणि दोन्हींचा मेळ घालत. श्वासपटलाच्या त्या पुढच्या फटीतून पोटातला भाग छातीत सरकू शकतो, हेही त्यांनी असंच नोंदवलं. आज त्याला मोर्गान्यी हर्निया म्हणतात. तो पुष्कळदा मोठ्या वयात, दुसऱ्याच कारणासाठी काढलेल्या एक्स-रेमध्ये सापडतो.

सुमारे ७०० रोग्यांच्या हकिकती त्यांनी ७० पत्रांच्या रूपात लिहिल्या. ग्रंथ निघाला १७६१ मध्ये, तेव्हा त्यांचं वय होतं ७९. लक्षणावरून अवयव आणि अवयवावरून लक्षण शोधता येईल अशा सूचीही त्यांनी जोडल्या. १७७१ मध्ये पादुआतच त्यांचं निधन झालं.

आपल्याकडे, दातिवऱ्यापासून सफाळे-पालघरपर्यंत, पोटात किंवा छातीत दुखलं की गॅस म्हणून सोडून देतात. डॉक्टरकडे गेलं तरी दोन शब्दांत उरकतात. तसं करू नका. दुखणं कधीपासून आहे, बोट ठेवून दाखवता येईल असं कुठं आहे, जेवल्यावर वाढतं की आडवं पडल्यावर, काम कसलं करता, सगळं सांगा. तान्ह्या बाळाला श्वास घेताना त्रास होत असेल तर घरी थांबूच नका, ताबडतोब दवाखाना गाठा.