संविधान सभेचे घटनात्मक सल्लागार : सर बेनेगल नरसिंग राव

दरवर्षी २६ नोव्हेंबर जवळ आला की पिंपरी-चिंचवडच्या वसाहतींपासून चाकणच्या कारखान्यांपर्यंत मोबाईलवर एक संदेश हमखास फिरू लागतो. भारताचे संविधान डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लिहिलेच नाही, ते बी. एन. राव नावाच्या एका सनदी अधिकाऱ्याने आधीच लिहून ठेवले होते, असा त्या संदेशाचा आशय असतो. आपली तरुण मुले तो वाचून संतापतात. काही जण राव यांनाच चार शब्द सुनावून मोकळे होतात, तर काही जण हे नाव प्रथमच ऐकल्यामुळे गोंधळून जातात. इतिहासाच्या विद्यार्थ्याचे एवढ्यावर समाधान होऊ नये. ज्या माणसाचे नाव पुढे करून बाबासाहेबांचे श्रेय हिरावून घेण्याचा प्रयत्न होतो, तो माणूस कोण होता, त्याने नेमके कोणते काम केले आणि खुद्द बाबासाहेबांनी त्या कामाची नोंद कशी केली, हे आपण जाणून घेतले पाहिजे. ते जाणल्यावर राव यांच्याविषयी आदर वाटतो आणि बाबासाहेबांचे श्रेय तसूभरही उणे होत नाही. या स्मरणिकेच्या वाचकांसाठी त्यांचे चरित्र येथे मांडत आहे ते याच हेतूने.

जडणघडण

बेनेगल नरसिंग राव यांचा जन्म २६ फेब्रुवारी १८८७ रोजी तत्कालीन दक्षिण कानडा जिल्ह्यातील एका सारस्वत कुटुंबात झाला. वडील डॉक्टर होते. घरात विद्येची परंपरा होती आणि शिक्षणाची सर्व दारे उघडी होती. एक बंधू बेनेगल रामा राव पुढे रिझर्व्ह बँकेचे गव्हर्नर झाले, तर दुसरे बंधू बी. शिवा राव पत्रकार आणि संविधान सभेचे सदस्य झाले. नरसिंग राव यांचे शालेय शिक्षण मंगळुरास व महाविद्यालयीन शिक्षण मद्रासच्या प्रेसिडेन्सी कॉलेजात झाले. तेथून शिष्यवृत्ती मिळवून ते केंब्रिजच्या ट्रिनिटी कॉलेजात गेले. त्याच सुमारास जवाहरलाल नेहरूही तेथे शिकत होते. १९१० मध्ये राव इंडियन सिव्हिल सर्व्हिसमध्ये रुजू झाले आणि त्यांची नेमणूक बंगाल प्रांतात झाली.

याच काळात साताऱ्याच्या शाळेत वर्गाबाहेर बसवला गेलेला एक विद्यार्थी मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात शिकत होता. दोघांच्या वाटा किती भिन्न होत्या, हे येथे ध्यानात ठेवावे. पुढे त्या एकाच टेबलाशी येऊन मिळाल्या.

कायद्याच्या शब्दांची साधना

पूर्व बंगालमधील जिल्ह्यांत काही वर्षे न्यायदानाचे काम केल्यानंतर १९२५ मध्ये राव आसाम सरकारकडे गेले. तेथे त्यांच्याकडे दोन कामे होती. प्रांतिक विधिमंडळाचे ते सचिव होते आणि सरकारचे विधी सल्लागारही होते. सुमारे आठ वर्षे त्यांनी ही दुहेरी जबाबदारी सांभाळली. विधिमंडळाच्या सचिवाचे काम बाहेरून दिसत नाही. सभागृहाची कार्यक्रमपत्रिका तयार करणे, विधेयके व दुरुस्त्या नियमात बसतात की नाही हे पाहणे, अध्यक्षांना पूर्वीचे दाखले काढून देणे, झालेला निर्णय शब्दाचाही फरक न पडता नोंदवणे, हे सारे त्याच्याकडे असते. त्याला स्वतःचे मत असू शकते, पण सभागृहात ते मांडण्याचा अधिकार त्याला नसतो. राव यांच्या पुढच्या मोठ्या कामाची तालीम आसामात झाली, असे म्हणावयास हरकत नाही.

१९३५ चा भारत सरकार कायदा मंजूर झाल्यावर देशातील जुने कायदे त्याच्याशी जुळवून घेणे भाग पडले. कायद्यांच्या संपूर्ण संग्रहाची ही तपासणी राव यांच्यावर सोपवण्यात आली. १९३८ मध्ये त्यांना 'सर' हा किताब मिळाला आणि १९३९ मध्ये ते कलकत्ता उच्च न्यायालयाचे न्यायाधीश झाले. सिंधू नदीच्या पाण्यावरून सिंध आणि पंजाब या प्रांतांत तंटा उद्भवला तेव्हा त्याची चौकशी करणाऱ्या आयोगाचे अध्यक्षपदही त्यांच्याकडेच आले.

आपल्या दृष्टीने याहून महत्त्वाचे काम १९४१ मध्ये सुरू झाले. त्या वर्षी सरकारने हिंदू कायद्याच्या सुधारणेसाठी समिती नेमली. राव तिचे अध्यक्ष होते आणि पुण्याच्या विधी महाविद्यालयाचे पहिले प्राचार्य जगन्नाथ रघुनाथ घारपुरे हे तिच्या सदस्यांपैकी एक होते. १९४४ मध्ये समितीचे पुनरुज्जीवन झाले व तिने संहितेचा मसुदा तयार केला. स्त्रियांचा वारसा, विवाह व घटस्फोट हे विषय त्यात होते. कायदामंत्री झाल्यावर बाबासाहेबांनी हाच धागा हाती घेतला, मसुद्यात फेरफार केले आणि हिंदू कोड बिलासाठी जिवाचे रान केले. ते बिल रखडल्याचे शल्य घेऊन सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. कच्चा मसुदा करणारा आणि त्या मसुद्यासाठी किंमत मोजणारा यांतील फरक येथेच दिसू लागतो.

संविधान सभेच्या सेवेत

१९४४ मध्ये सनदी सेवेतून निवृत्त झाल्यावर राव यांनी काही काळ जम्मू-काश्मीर संस्थानचे पंतप्रधानपद भूषवले. जुलै १९४६ मध्ये ते संविधान सभेचे घटनात्मक सल्लागार झाले. हे काम त्यांनी मानद म्हणून, वेतन न घेता केले. संविधान सभेची पहिली बैठक ९ डिसेंबर १९४६ रोजी भरली. सभेचे सचिव एच. व्ही. आर. अय्यंगार यांनी कार्यालयाची उभारणी केली. लघुलेखक, टंकलेखक, अनुवादक आणि ग्रंथपाल यांचा एक मोठा ताफा कामाला लागला. आज संविधान सभेच्या चर्चांचे जे बारा खंड आपण संदर्भासाठी उघडतो, ते सभागृहात बसून प्रत्येक शब्द टिपणाऱ्या या माणसांच्या कष्टांतून उभे राहिले. त्यांची नावे त्या खंडांत शोधूनही सापडत नाहीत.

राव यांनी जगातील निरनिराळ्या राज्यघटनांतील तरतुदींच्या पुस्तिका तयार करून सदस्यांच्या हाती दिल्या. मार्च १९४७ मध्ये भावी संविधानाच्या प्रमुख प्रश्नांवर एक प्रश्नावली पाठवली. राष्ट्रप्रमुख कसा निवडावा, मंत्रिमंडळ कोणाला जबाबदार असावे, न्यायाधीश कोणी नेमावेत, अशा मुद्द्यांवर त्यांनी टिपणे लिहिली. न्यायालयात दाद मागता येईल असे हक्क आणि राज्यकारभाराला दिशा देणारी तत्त्वे अशी विभागणी त्यांनी आयर्लंडच्या घटनेच्या आधारे सुचवली. शेजारच्या ब्रह्मदेशाची राज्यघटना घडत होती, तेव्हा तेथील घटना सल्लागारांनाही त्यांनी साहाय्य केले. आपल्या परिसरातील वाचकांना ब्रह्मदेश परका नाही. देहूरोडच्या विहारात २५ डिसेंबर १९५४ रोजी बाबासाहेबांनी स्थापन केलेली बुद्धमूर्ती रंगूनहूनच आली होती.

मसुदा आणि संविधान

आता मूळ वादाकडे वळू. २९ ऑगस्ट १९४७ रोजी संविधान सभेने मसुदा समिती नेमली आणि दुसऱ्याच दिवशी समितीने बाबासाहेबांची अध्यक्षपदी निवड केली. संविधान सभेने व तिच्या निरनिराळ्या समित्यांनी तोवर जे निर्णय घेतले होते, त्यांना कायद्याच्या भाषेत बसवणारा मसुदा सल्लागाराने करावा आणि मसुदा समितीने तो तपासून सुधारावा, अशी योजना होती. त्यानुसार ऑक्टोबर १९४७ मध्ये राव यांनी २४३ अनुच्छेद आणि १३ अनुसूचींचा मसुदा तयार केला. याचा अर्थ नीट समजून घ्यावा. त्या मसुद्यातील आशय एका अधिकाऱ्याच्या मनातून उगवलेला नव्हता. मूलभूत हक्क उपसमितीत आणि अल्पसंख्याक उपसमितीत बाबासाहेब स्वतः बसत होते. अस्पृश्यता नष्ट करणारी तरतूद या समित्यांच्या मार्गाने आली, कोणा सल्लागाराच्या लेखणीतून नव्हे. २९ नोव्हेंबर १९४८ रोजी सभागृहाने ती स्वीकारली.

फेब्रुवारी १९४८ मध्ये मसुदा समितीने आपला मसुदा अध्यक्षांना सादर केला, तेव्हा अनुच्छेद ३१५ झाले होते आणि अनुसूची १३ वरून ८ वर आल्या होत्या. अंतिम संविधानात ३९५ अनुच्छेद होते. सदस्यांनी सुमारे ७,६३५ दुरुस्त्या सुचवल्या आणि त्यांपैकी २,४७३ प्रत्यक्ष सभागृहात मांडल्या गेल्या. या प्रत्येक दुरुस्तीला उत्तर देण्याचा भार मुख्यतः बाबासाहेबांवर होता. मसुदा समितीच्या सात जणांपैकी कोणी राजीनामा दिला, कोणाचे निधन झाले, कोणी परदेशी गेले, कोणी दिल्लीपासून दूर होते, त्यामुळे हे ओझे अखेर एकट्या आंबेडकरांवर पडले, अशी साक्ष पुढे समितीचे सदस्य झालेले टी. टी. कृष्णम्माचारी यांनी ५ नोव्हेंबर १९४८ रोजी सभागृहात दिली.

एक उदाहरण पाहू. १९४७ च्या अखेरीस राव अमेरिका, कॅनडा, आयर्लंड व ब्रिटन येथे जाऊन आले. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती फ्रँकफर्टर यांच्याशी त्यांची चर्चा झाली. त्या देशाच्या घटनेतील कायद्याच्या उचित प्रक्रियेचे तत्त्व घेतल्यास न्यायाधीशांच्या हाती अवाजवी सत्ता जाईल, असे मत राव यांनी मायदेशी कळवले. मसुदा समितीने ते मानले आणि व्यक्तिस्वातंत्र्याच्या अनुच्छेदात कायद्याने ठरवून दिलेली कार्यपद्धती असे शब्द आले. सभागृहात यावर जोरदार टीका झाली. त्या टीकेला उत्तर देण्यास राव उभे राहू शकत नव्हते, कारण ते सदस्यच नव्हते. त्यांना भाषणाचा वा मताचा अधिकार नव्हता. उभे राहिले ते बाबासाहेब. दोन्ही बाजूंचे धोके त्यांनी मोकळेपणाने मांडले. सप्टेंबर १९४९ मध्ये अटकेतील माणसाला वकिलाचा आधार व चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यासमोर उभे केले जाण्याचा हक्क देणारी नवी तरतूद आणून त्यांनी झालेली हानी काही अंशी भरून काढली. तोच आजचा अनुच्छेद २२. सल्ला अधिकाऱ्याचा होता, उत्तरदायित्व बाबासाहेबांचे होते.

आपल्या औद्योगिक पट्ट्यातील कामगार बांधवांना हा फरक समजण्यास कठीण नाही. वेतनकराराच्या मागणीपत्राचा कच्चा खर्डा युनियनच्या कार्यालयातील एखादा जाणकार करतो. त्याच्या आकडेमोडीवाचून आणि जुन्या करारांच्या फायलींवाचून पुढाऱ्याचे पाऊल पुढे पडत नाही. परंतु व्यवस्थापनासमोर मुद्दा न् मुद्दा लढवतो, कोठे ताणायचे व कोठे सोडायचे हे ठरवतो आणि शेवटी गेट मीटिंगमध्ये हजारो कामगारांच्या प्रश्नांना तोंड देतो, तो त्या कराराचा धनी मानला जातो. खर्डा करणाऱ्याचा मान राखला म्हणून पुढाऱ्याचा मान कमी होत नाही.

बाबासाहेबांची नोंद

२५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेतील आपल्या समारोपाच्या भाषणात बाबासाहेबांनी हा हिशेब स्वतःच चोख मांडला. आपल्याला देण्यात आलेले श्रेय खरोखर सर्वस्वी आपले नाही, त्यातील काही भाग कच्चा मसुदा तयार करणारे सर बी. एन. राव यांचा आहे, असे त्यांनी स्वच्छ सांगितले. समितीतील सहकाऱ्यांचा उल्लेख केला. मुख्य मसुदाकार एस. एन. मुखर्जी यांना त्यांनी त्याहूनही मोठा वाटा दिला. गुंतागुंतीचा प्रस्ताव सोप्या आणि नेमक्या कायदेशीर शब्दांत उतरवण्याचे त्यांचे कौशल्य विरळा असल्याचे ते म्हणाले. मुखर्जींच्या हाताखाली मध्यरात्र उलटेपर्यंत राबणाऱ्या कर्मचाऱ्यांनाही ते विसरले नाहीत. २४३ अनुच्छेदांचा तो मूळ आकडाही त्याच भाषणात आहे. म्हणजे राव यांचा मसुदा हे कोणी शोधून काढलेले गुपित नव्हे. ते बाबासाहेबांनी स्वमुखाने देशापुढे ठेवले आणि लघुलेखकांनी टिपून ठेवले. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या श्रमाचे श्रेय नाकारले गेले, त्यांचा नेता दुसऱ्याच्या श्रमाचे श्रेय कणभरही स्वतःकडे ठेवीत नाही, हे त्या नोंदीतून दिसते.

अखेरची वर्षे

संविधानावरील चर्चेच्या उत्तरार्धात राव यांचे कार्यक्षेत्र बदलले होते. संयुक्त राष्ट्रसंघात ते भारताचे प्रतिनिधी झाले. जून १९५० मध्ये कोरियात युद्ध पेटले तेव्हा सुरक्षा परिषदेचे अध्यक्षपद त्यांच्याकडे होते. १९५२ मध्ये ते हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयाचे न्यायाधीश झाले. तेथे त्यांना फार काळ लाभला नाही. ३० नोव्हेंबर १९५३ रोजी झुरिक येथे त्यांचे निधन झाले. संविधानासंबंधीची त्यांची टिपणे बंधू शिवा राव यांनी १९६० मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली.

आपल्या वसतिगृहातून शिकून बाहेर पडणाऱ्या मुलामुलींपैकी काही जण पुढारी होतील. त्याहून अधिक जण कारकून, लघुलेखक, तलाठी, ग्रामसेवक, कार्यालयीन अधीक्षक, कारखान्यातील पाळीची नोंद ठेवणारे पर्यवेक्षक होतील. ज्या समाजाच्या नोंदी शतकानुशतके दुसऱ्यांनीच ठेवल्या, त्या समाजाच्या मुलांच्या हाती आता नोंदवही आली आहे. ती शब्दाचाही फेरफार न करता लिहावी. आणि पुढच्या २६ नोव्हेंबरला तो संदेश मोबाईलवर येईल, तेव्हा राव यांना दूषण न देता संविधान सभेच्या चर्चांचा अकरावा खंड उघडावा आणि बाबासाहेबांचे ते भाषण समोरच्याला वाचावयास द्यावे.