बातम्या वाचणारी स्मिता

नीरा-भीमेच्या संगमावरच्या आमच्या नरसिंहपुरात सकाळच्या बातम्या म्हणजे आकाशवाणी. दूरदर्शनवर सकाळचे प्रसारण १९८७ साली सुरू झाले. पण मराठी बातम्यांना आपल्या घरातला वाटावा असा चेहरा देणारी स्मिता पाटील ते पाहायला उरली नव्हती.

शिवाजीराव आणि विद्याताईंची ही लेक १७ ऑक्टोबर १९५५ रोजी पुण्यात जन्मली, सेवादलाच्या संस्कारांत वाढली. मुंबई दूरदर्शन १९७२ मध्ये सुरू झाले आणि ती तिथे बातम्या वाचू लागली. जीन्सवरच साडी गुंडाळून ती कॅमेऱ्यापुढे बसे, असे सांगतात. तिथूनच ती श्याम बेनेगलांच्या नजरेत भरली. ‘भूमिका’ आणि ‘चक्र’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, १९८५ मध्ये पद्मश्री. ‘मंथन’मधली तिची बिंदू तर मला आमच्याच तालुक्यातली, डेअरीला दूध घालणारी बाई वाटली.

१३ डिसेंबर १९८६ रोजी, बाळंतपणानंतर अवघ्या पंधरवड्यात, ती गेली. वय ३१. नावलौकिक होता, मुंबईसारखे शहर होते, तरी ती वाचली नाही. तेव्हापासून आमच्या घरात बाळंतिणीचे साधे दुखणेही कुणी अंगावर काढू दिले नाही.