भातवडीचे पाणी आणि मलिक अंबर

1624 साली मलिक अंबरने वयाची पंचाहत्तरी ओलांडली होती. ज्या वयात माणूस हातात तसबीह घेऊन ओट्यावर बसतो, त्या वयात तो घोड्यावर होता आणि दोन फौजा त्याच्या मागावर होत्या. एक आग्र्याच्या मोगल बादशहाची, दुसरी विजापूरच्या आदिलशहाची. मागच्या आठ वर्षांत त्याने वसवलेली खडकी दोनदा उद्ध्वस्त झाली होती. अहमदनगरच्या किल्ल्यावर मोगलांचे निशाण होते. निजामशाही आता संपली, असा हिशेब अनेकांनी मांडून ठेवला होता.

त्याच वर्षी अहमदनगरपासून सुमारे 16 किलोमीटरवर, भातवडी या गावी एक लढाई झाली आणि सगळे हिशेब उलटले. ती जिंकणारा माणूस कधीकाळी बाजारात विकला गेलेला गुलाम होता. आजचे छत्रपती संभाजीनगर त्याने वसवलेल्या खडकीवरच उभे आहे.

गुलाम ते वजीर

1548 च्या सुमारास इथिओपियात जन्मलेल्या या मुलाचे नाव चापू होते. लहानपणीच तो गुलामांच्या व्यापाऱ्यांच्या हाती पडला. मोखा बंदर, मग बगदाद, असा त्याचा प्रवास झाला. बगदादमध्ये मीर कासिम नावाच्या मालकाने त्याला लिहायला-वाचायला शिकवले आणि त्याचे नाव अंबर ठेवले. तेथून तो समुद्रमार्गे दख्खनमध्ये आला. अहमदनगरच्या निजामशाहीचा पेशवा चंगीजखान याने त्याला विकत घेतले. हा चंगीजखान स्वतः हबशी होता आणि कधीकाळी गुलामच होता. दख्खनच्या दरबारात गुलामाला कर्तृत्वाच्या बळावर वर चढता येत असे. राज्यकारभार कसा चालतो, फौजेचा खर्च कसा भागवतात, सरदारांना कसे सांभाळतात, हे अंबर या मालकाच्या हाताखाली शिकला.

1574-75 च्या सुमारास चंगीजखान मरण पावला आणि त्याच्या विधवेने अंबरला मुक्त केले. त्यानंतर अंबरने काही काळ विजापूरकरांची चाकरी केली. मलिक हा किताब त्याला तेथेच मिळाला. पुढे घोडेस्वारांची छोटीशी तुकडी घेऊन तो पुन्हा निजामशाहीत परतला.

1600 मध्ये चांदबीबी मारली गेली आणि अहमदनगरचा किल्ला मोगलांनी घेतला. राजधानी गेली म्हणजे राज्य गेले, असा तेव्हाचा रिवाज. अंबरने तो मानला नाही. त्याने निजामशाही घराण्यातला एक तरुण शोधला, परांड्याच्या किल्ल्यात त्याला दुसरा मुर्तजा निजामशहा म्हणून गादीवर बसवले आणि आपली मुलगी त्याला दिली. राज्याला पुन्हा धनी मिळाला आणि कारभार अंबरच्या हाती आला. सत्तेची ही वाट स्वच्छ नव्हती. 1610 मध्ये हा मुर्तजा विषप्रयोगाने मेला. जावई-सासऱ्यातला बेबनाव त्याला कारण झाला आणि त्यात अंबरचाच हात होता, अशा नोंदी त्या काळातल्या परदेशी प्रवाशांनी करून ठेवल्या आहेत.

गावाच्या बळावर लढणारी फौज

मोगलांकडे तोफा, हत्ती, खजिना आणि हिंदुस्थानभरातून आणलेले सैन्य होते. अंबरकडे डोंगर, घाट, दऱ्या आणि या मुलखाची खडान्‌खडा माहिती असलेली माणसे होती. 1610 च्या सुमारास इंग्रज व्यापारी विल्यम फिंच याने त्याच्या फौजेत सुमारे 10,000 हबशी आणि 40,000 दख्खनी असल्याची नोंद केली आहे. या दख्खनी लोकांत मराठा घोडेस्वार मोठ्या संख्येने होते. वेरूळच्या मालोजीराजे भोसले यांचे घराणे निजामशाहीच्याच चाकरीत होते. हे स्वार हलके, थोड्या दाण्यावर मैलोन्‌मैल जाणारे. रसद लुटायची, छावणीवर रात्री तुटून पडायचे, अंगावर आलेल्या शत्रूला झुकांडी देऊन दूर ओढत न्यायचे आणि तो दमला की घेरायचे, ही त्यांची रीत. मराठी माणूस तिला गनिमी कावा म्हणून ओळखतो.

1611-12 मध्ये जहांगीरने दोन बाजूंनी फौजा पाठवल्या. गुजरातेतून आलेला अब्दुल्लाखान दुसऱ्या फौजेची वाट न पाहता एकटाच पुढे घुसला. अंबरच्या स्वारांनी त्याला इतके हैराण केले, की त्याला बागलाणमार्गे गुजरातेत परतावे लागले. शहरातला भडकल दरवाजा 1612 मध्ये मोगलांवरच्या विजयाची खूण म्हणूनच बांधला गेला.

अशी लढाई फौजेच्या जोडीला गावांवरही चालते. दाणागोटा, वैरण, शत्रूची खबर हे सगळे गावाकडून येते आणि नाडलेले गाव ते देत नाही. अंबरने महसुलाची मक्तेदारी मोडली, जमिनी मोजून त्यांची प्रत ठरवली आणि पीक पाहून सारा लावला. त्यामुळे ओसाड जमिनी पुन्हा लागवडीखाली आल्या. त्याची ही पद्धत त्याच्या राज्यानंतरही महाराष्ट्रात आठवली जात राहिली.

उतरती आठ वर्षे

1616 मध्ये मात्र चाक उलटे फिरले. सिंदखेडचे लखुजी जाधवराव आणि आणखी काही सरदार मोगलांना जाऊन मिळाले होते. जालन्याजवळ रोशनगाव येथे समोरासमोर लढाई झाली आणि अंबर हरला. विजयी फौजेने खडकी गाठून ती जाळली. जहांगीरचा अंबरवर इतका राग होता, की भाल्यावर खोचलेल्या अंबरच्या मस्तकावर बादशहा बाण सोडतो आहे, असे चित्र चितारी अबुल हसन याने काढले. प्रत्यक्षात ते मस्तक जहांगीरच्या हाती कधीच लागले नाही.

1617 मध्ये शहाजादा खुर्रम, म्हणजे पुढचा शाहजहान, दक्षिणेत आला आणि अंबरला जिंकलेला मुलूख परत द्यावा लागला. त्याने पुन्हा डोके वर काढले, तेव्हा 1621 मध्ये शाहजहान पुन्हा आला. निजामशहाला आदल्या दिवशीच दौलताबादच्या किल्ल्यात हलवले होते, म्हणून तो वाचला. मोगल फौज तीन दिवस खडकीत थांबली आणि शहर पाडूनच निघाली. अंबरने तह केला. दोन पराभव, दोन तह, दोनदा जळलेले शहर. युद्धाचा ओघ कुठे चालला आहे, हे सगळ्यांना दिसत होते.

तलावाचा बांध

यानंतर शाहजहाननेच बापाविरुद्ध बंड केले आणि मोगलांचे लक्ष उत्तरेकडे वळले. दक्षिणेत कोणाशी दोस्ती करायची, हे सरदार महाबतखानाला ठरवायचे होते. अंबरनेही मैत्रीचा हात पुढे केला होता, पण महाबतखानाने विजापूरला निवडले. विजापूरचा सेनापती मुल्ला महंमद लारी आपली फौज घेऊन मोगलांच्या मदतीला बुऱ्हाणपुरास गेला.

म्हणजे विजापूरची मुख्य फौज विजापुरात नव्हती. अंबरने गोवळकोंड्याच्या कुतुबशहाशी संधान बांधून ती बाजू सुरक्षित केली आणि थेट विजापूरवर चाल केली. इब्राहिम आदिलशहा किल्ल्यात अडकला. त्याने लारीला तातडीने परत बोलावले आणि लारीबरोबर लष्करखान व इतर मोगल सरदारही निघाले. जाधवराव त्यांच्यासोबत होते. ही मोठी फौज जवळ येताच अंबरने वेढा उठवला आणि तो आपल्या मुलखाकडे सरकू लागला. आपला पाठलाग सोडावा, अशी विनवणीही त्याने मोगल सरदारांना करून पाहिली. समोरच्यांनी ती दुबळेपणाची खूण मानली आणि ते मागे लागले. पळणारा म्हातारा त्यांना हव्या त्या जागी ओढत नेत होता.

ती जागा म्हणजे भातवडी. आज तिला भातोडी म्हणतात. अंबरने तेथल्या तलावाचा बांध फोडला. पाणी शत्रूच्या वाटेवर पसरले, त्यात पाऊसही लागला. घोडे, हत्ती, बैल, सामानाचे गाडे असा पसारा असलेल्या फौजेला चिखलाइतका वाईट शत्रू दुसरा नसतो. वाटा बंद झाल्या, दाणा-वैरण मिळेना. रात्र पडली, की अंबरचे हबशी आणि मराठा स्वार छावणीवर तुटून पडत आणि अंधारात नाहीसे होत. उपाशी, भिजलेल्या छावणीतून माणसे फुटून अंबरकडे येऊ लागली.

मग त्याने शेवटचा घाव घातला. मुल्ला महंमद लारी लढाईत पडला. जाधवराव आणि उदाराम मैदानातून निघून गेले आणि बाकीची फळी मोडली. लष्करखानासह अनेक मोगल सरदार आणि विजापूरचे नामांकित लोक कैद झाले.

या विजयात शहाजीराजे भोसले यांचा वाटा मोठा होता. कवींद्र परमानंदांच्या संस्कृत शिवभारतात या लढाईचे वर्णन आले आहे. भोसले घराण्याने त्याची किंमतही मोजली. शहाजीराजांचे धाकटे बंधू शरीफजी येथेच धारातीर्थी पडले. या दोन्ही भावांची नावे अहमदनगरच्या शाह शरीफ या अवलियाच्या नावावरून ठेवली गेली, अशी परंपरा आहे. मैदानाच्या दुसऱ्या बाजूला शहाजीराजांचे सासरे लखुजी जाधवराव होते. एका बाजूला मोगलांसोबत मराठे, दुसऱ्या बाजूला हबशी वजिरासोबत मराठे. विजापूर आणि मोगल हे मुसलमान राज्यकर्ते एकत्र येऊन तिसऱ्या मुसलमान राज्यावर चालून आलेले. धर्माच्या फुटपट्टीने भातवडी मोजता येत नाही. तेथे मुलूख, चाकरी, निष्ठा आणि स्वाभिमान यांचे हिशेब होते.

लढाईने काय बदलले

भातवडीपूर्वी अंबर जीव वाचवत होता, भातवडीनंतर तो चाल करू लागला. त्याने अहमदनगरला वेढा घातला, विजापूरला पुन्हा धडक दिली आणि 1625 मध्ये सोलापूर घेतले. आदिलशहाने हौसेने वसवलेले नौरसपूर याच झुंजीत उद्ध्वस्त झाले. ज्या शाहजहानने खडकी पाडली होती, तोच बंडखोर शहाजादा आता अंबरच्या मदतीने बुऱ्हाणपूरला वेढा घालू लागला. तो वेढा फसला, पण वारा कुठून कुठे वळला ते यावरून कळते.

तरीही भातवडीने निजामशाही अमर केली नाही. अंबर 1626 च्या मे महिन्यात वारला. तो हिजरी 1035 चा शाबान होता, रमजान तोंडावर आलेला. त्याची मोठी ताकद होती ती परस्परांशी न पटणाऱ्या सरदारांना एका कामाला लावण्याची, आणि ती वारशाने देता येत नाही. त्याच्या हयातीतच शहाजीराजे दुरावून विजापूरला गेले होते. लखुजी जाधवराव पुढे निजामशाहीत परतले, पण 1629 मध्ये निजामशहाने त्यांना दौलताबादेत दगा देऊन मारले. अंबरचा मुलगा फत्तेखान याने 1633 मध्ये दौलताबाद मोगलांच्या हवाली केले आणि 1636 मध्ये निजामशाही बुडाली.

पण भातवडी आणि दौलताबादच्या पाडावामध्ये नऊ वर्षे गेली. त्या काळात, 1630 मध्ये, निजामशाहीच्याच शिवनेरी किल्ल्यावर शिवाजी महाराजांचा जन्म झाला. दौलताबाद पडल्यावर शहाजीराजांनी निजामशाही घराण्यातले एक मूल पेमगिरीच्या किल्ल्यात गादीवर बसवले आणि तीन वर्षे मोगलांशी झुंज दिली. तेहतीस वर्षांपूर्वी परांड्यात अंबरने केले होते, ते हेच. राजधानी पडली तरी राज्य उभे ठेवता येते आणि मोठ्या फौजेला आपल्या जमिनीवर ओढून थकवता येते, हे दोन्ही धडे दख्खनमध्ये शिल्लक राहिले.

ज्या माणसाने भातवडीत पाण्याचा बांध फोडला, त्यानेच खडकीत पाणी बांधून आणले होते. उत्तरेकडच्या डोंगरांच्या पायथ्याशी जमिनीखाली झिरपणारे पाणी दगडी बांधकामाच्या भुयारी नळांतून, निव्वळ उताराच्या जोरावर शहरात खेळवणारी नहर-ए-अंबरी ही त्याची करामत. पाणचक्कीची नहर वेगळी आणि नंतरच्या काळातली. शहर दोनदा जळाले, त्याचे नाव खडकीचे फतेहनगर, फतेहनगरचे औरंगाबाद आणि आता छत्रपती संभाजीनगर झाले. जमिनीखालून येणारे अंबरचे पाणी मात्र पिढ्यान्‌पिढ्या हौदांत पडत राहिले आणि ते भरून नेणाऱ्यांत सगळ्या धर्मांची माणसे होती.

मलिक अंबरची कबर खुलताबादला, हजरत जर जरी जर बक्ष यांच्या दर्ग्याजवळ आहे. पत्नी बीबी करीमा यांची कबरही जवळच आहे. तेथून घाट उतरला, की मालोजीराजांचे वेरूळ लागते.